मोंग्याचा दाखला

माझं काम भुतं मारायचं आहे. हसू नका, खरंच सांगते. दादरला एका जुन्या इमारतीत आमचं ऑफिस आहे. तिथं जुनी मराठी पुस्तकं, मासिकं, दिवाळी अंक स्कॅन होतात. मग मशीन ती पानं वाचतं आणि त्यांचा टाइप केलेला मजकूर काढून देतं. मशीन वाचतं म्हणजे काय, माझ्यासारखं चष्मा पुसून थोडंच वाचतं? त्याला दिसलं ते दिसलं. भ या अक्षराच्या डोक्यावरच्या रेघेत एक फट असते. जुन्या छपाईत ती शाईनं बुजलेली असली की मशीनला भ चा म दिसतो, ध चा घ दिसतो. मग भाकरीची माकरी होते, भगिनीची मगिनी होते आणि विधवेची विघवा. हे शब्द कोणी कधी बोललेले नसतात, कोणी लिहिलेले नसतात, तरी कॉम्प्युटरवर असतात. शोधलं की सापडतात. आम्ही त्यांना भुतं म्हणतो.

लोक लगेच ‘ध चा मा’ म्हणून मोकळे होतात. अहो, तो माणसानं जाणूनबुजून केला होता! मशीनच्या पोटात पाप नसतं, म्हणून तर राग काढायचा कोणावर ते कळत नाही. मग मी तो घरी नेते. दुकानाच्या पाटीवर, लग्नाच्या पत्रिकेवर, टीव्हीच्या खालच्या पट्टीवर चूक दिसली की माझं डोकं फिरतं. माझी मुलगी म्हणते, तुझ्याबरोबर रस्त्यानं चालायची सोय नाही.

एकदा एका अभ्यासू तरुणाचा ऑफिसात फोन आला. माकरी हा भाकरीचा किनारपट्टीवरचा मऊ प्रकार असावा, असं त्यानं एका लेखात लिहूनही टाकलं होतं, आणि आता त्याला कृती हवी होती. मी म्हटलं, “बाळा, मी मालवणकडची, लालबागला वाढलेली. भाकऱ्या थापून माझे हात दुखले. माकरी मी खाल्ली नाही, माझ्या आजीनंही खाल्ली नाही.” तर म्हणतो कसा, “पण मॅडम, कितीतरी ठिकाणी सापडते!” आता ह्याला काय बोलणार? असा एक शब्द आमच्या घरातच येऊन बसला नसता, तर हे सगळं मी लिहायलाही घेतलं नसतं.

बाबा गिरणीत साच्यावर होते. साचा म्हणजे माग, पण माग असं आमच्याकडे कोणी म्हणत नसे. गिरणीत साचा आणि बाहेर भजन, एवढंच बाबांचं जग. लालबागला आमच्या गावाची एक खोली होती. गावाहून एकटे आलेले बाप्ये तिथं पाळीपाळीनं झोपायचे. भिंतीला ट्रंका, दोरीवर लुंग्या, कोपऱ्यात पखवाज. शनिवारी संध्याकाळी ट्रंका सरकवून भजनाला जागा करायचे आणि बाबा पेटीवर बसायचे. बुवा म्हणायचे त्यांना सगळे. बायका खोलीत बसत नसत. आई आणि मी बाहेर गॅलरीत, उंबऱ्याच्या अलीकडे. आई मांडीवर तांदळाचं सूप घेऊन निवडत बसायची आणि मध्येच तिचा हात थांबायचा. बाबांचा आवाज वर चढला की थांबायचा.

मी शाळेत असताना संप झाला. सुरुवातीला मोठी मजा वाटली. बाबा दिवसा घरी! मग खोलीतल्या ट्रंका एकेक करून गावाला जायला लागल्या. भजनाला पंधरा-वीस माणसं असायची ती चार-पाचवर आली. आई लालबागलाच एका दुकानात चिवड्याची पाकिटं भरायला जाऊ लागली, आणि संध्याकाळी परत आली की तिच्या अंगाला तेल-मसाल्याचा वास यायचा. ती काही बोलायची नाही. मुळात कमी बोलणारी, त्यात आता अगदीच मुकी झाली. बाबा तिच्याकडे बघायचे आणि खाली मान घालून बाहेर जायचे.

त्याच दिवसांत बाबांनी गजर रचला. गजर म्हणजे भजनाच्या शेवटी टिपेला नेऊन म्हणतात ते. बाबांचा गजर असा होता:

वाजव रे देवा, भोंगा वाजव,
पहाटेच्या पारी गिरणगाव जागव.

हात हे रिकामे, टाळ धरू किती,
साच्यावाचून बोटं विसरली गती.

चुलीपाशी बसून ती काही ना बोले,
तिच्यासाठी तरी देवा, दार कर खुले.

आता कोणी म्हणेल यात काव्य कुठलं. नसेल. पण पहिल्यांदा म्हटला तेव्हा खोलीतली बाप्ये माणसं रडली होती, आणि तिसऱ्या कडव्याला आईनं पदरानं तोंड झाकलं होतं. चार माणसांत नवऱ्यानं बायकोला गाण्यात घालायचं म्हणजे आमच्याकडे केवढी लाजेची गोष्ट! दुसऱ्या दिवशी चाळीतल्या बायकांनी नळावर तिला छळ छळ छळलं. “काय गो, चुलीपाशी बसणारी? बोल की आता!” आई हसायची, बोलायची नाही. पण ती खूश होती, मला ठाऊक आहे.

संप कधी संपला ते मला आजही सांगता येत नाही. कोणी संपला असं म्हटलंच नाही. भोंगा काही वाजला नाही. बाबांना परत घेतलं नाही. शिवडीला एका गोदामावर ते वॉचमन म्हणून लागले आणि त्यांनी गाणं सोडलं. का सोडलं, कोणी विचारलं नाही. पेटी खोलीच्या माळ्यावर गेली, पुढे खोलीच गेली. पुढची कितीतरी वर्षं बाबा आमच्यात होते, जेवत होते, पेपर वाचत होते, माझ्या लग्नात पाहुण्यांना पानसुपारी देत होते, पण आंघोळ करतानासुद्धा कधी गुणगुणले नाहीत. मग गेले.

शब्द माझ्याकडे राहिले, कारण आमच्या गावच्या मुंबई मंडळानं पुढे एका स्मरणिकेत तो गजर छापला होता. कागद हलका, शाई फुटलेली, पण छापला. चाल मात्र गेली. टेपरेकॉर्डर होता कोणाकडे तेव्हा? मी कितीदा भांडी घासता घासता म्हणून बघितलं. पहिली ओळ धरते, दुसऱ्या ओळीला कुठल्यातरी भलत्याच गाण्याची चाल येऊन बसते. शब्दांनी माणूस येत नाही हो. मला बाबांचा आवाज हवा होता, तो मिळणार नव्हता हे कळत होतं, निदान चाल तरी. इतकी वर्षं मी त्या एका चालीसाठी तळमळले. आईला विचारलं की म्हणायची, “माका गाऊक येता काय?” आणि उठून जायची.

आई आता माझ्याकडे नायगावला असते. गुडघे गेलेत, कान मात्र शाबूत आहेत, नको ते सगळं ऐकू येतं. गेल्या वर्षी मंडळाचा निरोप आला की परळला एका शाळेच्या हॉलमध्ये रविवारी दुपारी वार्षिक मेळावा आहे, डबलबारी आहे, आणि आमच्या गावचा एक तरुण बुवा बाबांचा गजर म्हणणार आहे. आईनं कपाटातली चांगली साडी त्याच क्षणी काढून ठेवली. मेळाव्याला अजून दोन आठवडे होते.

“तिसरा कडवा म्हणतलो ना तो?” तिनं विचारलं.

“म्हणेल की. सगळा गजर म्हणेल.”

“इचार.”

मी मंडळाच्या सेक्रेटरीला फोन लावला. तो म्हणाला, “ताई, सगळं म्हणणार. जुन्या स्मरणिका आम्ही मोबाईलवर स्कॅन करून घेतल्यात, पोरांनी पाठ केलंय.” मोबाईलवर स्कॅन म्हटल्यावर मला माकरी आठवली. मी म्हटलं, मला पाठवा, फुकट तपासून देते. “अहो ताई, काय तपासायचंय? मशीन एकदम करेक्ट देतं!” आणि ठेवला फोन. मी मनात म्हटलं, मर मेल्या.

हॉल भरला होता. डबलबारी म्हणजे दोन बुवा आपापली मंडळी घेऊन समोरासमोर बसतात आणि आळीपाळीनं भजन करतात. चिमटे काढतात, सवाल टाकतात, लोक शिट्ट्या मारतात. आमच्या गावच्या बारीत एक कडक रीत आहे. समोरच्या बुवांनी एखाद्या शब्दावर अडवलं तर त्याचा अर्थ दाखल्यासकट सांगायचा. सांगता आला नाही तर ते पद तिथंच सोडायचं आणि बारी समोरच्याला द्यायची. अर्ध्यात सोडलेलं पद त्या दिवशी पुन्हा म्हणायचं नाही. बाबांनी अशा कितीकांच्या बाऱ्या काढून घेतल्या होत्या.

आमचा बुवा अगदीच कोवळा, पंचविशीचा. दिवसा कुरिअरच्या कंपनीत असतो म्हणे. समोरचे शेजारच्या गावचे, पोट सुटलेले, मुरलेले. आमच्या बुवानं पेटीवर हात ठेवला आणि सांगितलं, “हा गजर संपाच्या काळात आपल्याच गावच्या एका साच्यावरच्या कामगारानं रचलेला. माझे आजोबा त्यांच्या पखवाजाला असायचे. आजोबांना आता शब्द आठवत नाहीत, पण चाल त्यांनी मला दिली. शब्द मी मंडळाच्या फाईलमधून घेतले.” आईनं माझा हात धरला.

आणि तो गायला लागला.

काय सांगू. ती चाल! पहिल्या दोन सुरांतच मला कळलं, हीच. मी लालबागच्या गॅलरीत होते, लुंग्यांच्या मागून बाबांची पाठ दिसत होती. अगं बाई, अशी होय ही, इतकी सोपी, आणि मला इतकी वर्षं सापडू नये? डोळ्यांतून धारा लागल्या, पुसायचंही सुचेना.

“वाजव रे देवा, मोंगा वाजव.”

मोंगा? मी ताडकन सरळ झाले. त्यानं ओळ पुन्हा घेतली. मोंगा. कोरसनं उचलली. मोंगा वाजव, मोंगा वाजव, टाळ्या, झांजा, सगळा हॉल मोंगा. भ ची फट शाईनं बुजलेली, मशीनला दिसला म, आणि ह्या पोरानं भोंगा कधी ऐकला असेल तर शपथ! माझ्या बापाच्या गजरात भूत शिरलं होतं. ज्या भुतांवर मी पगार घेते त्यांतलंच एक.

मी आईकडे पाहिलं. तिला कळलं होतं. पण तिनं माझा हात आणखी घट्ट दाबला. “गप ऱ्हव,” एवढंच म्हणाली.

पहिलं कडवं संपलं आणि समोरच्या बुवांनी हात वर केला. झांजा थांबल्या. “बुवा, आवाज गोड हां तुमचा. पण एवढा मोंगा मोंगा वाजवताय, तो मोंगा म्हणजे काय ते आम्हा अडाण्यांना सांगा की.” हॉलमध्ये खसखस पिकली.

आमचा बुवा घाबरला नाही. “मोंगा म्हणजे देवळातलं जुनं वाद्य, बुवा. तुतारीच्या जातीचं.”

“असं? कुठल्या देवळात? कुठल्या पोथीत? दाखला द्या.”

पोरानं मागे कोरसकडे पाहिलं, कोरसनं पखवाजवाल्याकडे. कोणीतरी मोबाईल काढून शोधायला लागलं. लोक हसायला लागले, मागून एक जण ओरडला, “वाजलो मोंगा!” पोराच्या कपाळावर घाम आला आणि त्याचा हात पेटीवरून हळूहळू खाली यायला लागला.

खरा शब्द माझ्या जिभेवर होता. उठून सांगावं, अरे गाढवांनो, भोंगा तो, भोंगा! पण त्यानं काय झालं असतं? पोरानं चुकीचा शब्द म्हटला हे साऱ्या हॉलसमोर पक्कं झालं असतं आणि बारी हमखास गेली असती. न सांगावं तरी जाणारच होती. गजर पहिल्या कडव्यावर मरणार होता आणि दोन आठवडे साडी काढून बसलेली माझी आई तिसऱ्या कडव्यावाचून घरी येणार होती. तरीही मी अर्धी उठले. माझा स्वभावच तसा, चूक ऐकवत नाही मला. तेवढ्यात आईनं माझ्या पदराला हिसडा देऊन मला खाली बसवलं, माझ्याच खांद्याचा आधार घेतला आणि स्वतः उभी राहिली.

“ओ बुवा,” ती म्हणाली. “माका इचारा.”

मी माझ्या आईला चार माणसांत कधी मोठ्यानं बोलताना ऐकलं नव्हतं.

“ह्यो गजर माझ्या घोवान केलो. मोंगा म्हणजे आमच्या गिरणीचो भोंगो. तेंच्या खात्यातली माणसा लाडान तेका मोंगाच म्हणायची. घरात रोज ऐकलेला हा मी. आणि काय दाखलो होयो?”

साफ खोटं! बाबांच्या खात्यात असं कोणी म्हणत नव्हतं. आमच्या घरात, चाळीत, अख्ख्या लालबागेत कोणी म्हणत नव्हतं. मी तोंड उघडं टाकून तिच्याकडे बघत राहिले.

समोरचे बुवा उभे राहिले. त्यांचेही वडील गिरणीतलेच असणार, त्या पिढीत दुसरं काय होतं. त्यांनी दोन्ही हात जोडले. “आई, ह्याच्यावर दाखला नाही. चुकलो.”

“मग होऊ द्या,” आई म्हणाली. “होऊ द्या बुवा. सगळा होऊ द्या.”

आणि झालं. पोरानं डोळे पुसून पेटी ओढली आणि असा गायला की समोरची मंडळीसुद्धा कोरसला आली. दुसरं कडवं झालं. तिसरं आलं. चुलीपाशी बसून ती काही ना बोले. आई उभीच होती. बसा म्हणून मागची माणसं खुर्ची पुढे सरकवत होती, ती बसली नाही. तिनं ह्या वेळी तोंड झाकलं नाही.

त्या दिवसापासून तो शब्द जो सुटलाय तो सुटलाच. बारीचा व्हिडिओ गावभर फिरला. मंडळाच्या फाईलमध्ये सेक्रेटरीनं तळटीप टाकली: मोंगा, गिरणीच्या भोंग्याचं कामगारांतलं लाडकं नाव. खाली ‘कवीच्या पत्नीची साक्ष’. उद्या कोणी अभ्यासू तरुण तो शब्दकोशात घालील आणि कोण त्याला चूक म्हणेल? साक्षीदार आहे ना! इतर भुतांना तेवढंही नसतं. आमच्या ऑफिसात हे कळलं तर माझं काय होईल ते देव जाणे.

हॉलमधून बाहेर पडल्यावर आम्ही बसस्टॉपवर उभ्या होतो. माझा राग अजून गेला नव्हता, रडूही गेलं नव्हतं. मी तिला धारेवर धरलं. “आई, खात्यात कोण म्हणायचं ग मोंगा? बाबांचा शब्द होता तो. त्यांचा एकच गजर, आणि त्यातला शब्द तू सगळ्यांसमोर घालवलास?”

“पोरगो थांबलो असतो,” ती म्हणाली.

“थांबला असता तर थांबला असता!”

ती रस्त्याकडे बघत राहिली. मला वाटलं, झालं, आता नेहमीसारखं संपलं. मग म्हणाली, “तुझो बापूस शेवटचो गायलो तेव्हा तू शाळेत हुतंस. खोलीत दोनच माणसा. मी चाय घेऊन उंबऱ्यार उभी. दुसरा कडवा झाला आणि तेंनी पेटी थांबयल्यानी. फुडचा माझा हुता. माझ्याकडे बघल्यानी. बघतच ऱ्हवले.”

“मग?”

“माका वाटला, दमले असतीत. मी काय एक बोललंय नाय. तेंनी पेटी बंद केल्यानी, ती केल्यानीच.” तिनं पदर सावरला. “नुसता ‘होऊ द्या’ म्हटलंय असता तर गायले असते. एवढ्यासाठी बघी हुते ते.”

बस आली. मी तिचा हात धरून तिला वर चढवायला लागले. पायरीवर पाय ठेवून ती थांबली, मागे वळली.

“आज म्हटलंय,” ती म्हणाली.